आमची वाटचाल: दोघे आत, एक बाहेर

आमची वन्यजीव चित्रीकरणाची संस्था सुरू झाली ती दोन माणसं आणि एका चावीच्या बोलेक्सवर. कॅमेरा १६ मिलिमीटरचा. पूर्ण चावी दिली की २४ फ्रेम्सवर जेमतेम २८ सेकंद चालायचा, शंभर फुटी रोल पावणेतीन मिनिटांत खलास. बटण दाबण्याआधी दहादा विचार करायचो. आताची मंडळी तासन्तास रेकॉर्डिंग चालू ठेवतात आणि मग एडिटिंगला बसून रडतात. असो.

भागीदार आवाज सांभाळायचा. लपणात, म्हणजे पक्ष्याला आम्ही दिसू नये म्हणून उभारलेल्या आडोशात, आम्ही दोघे शिरायचो, थोड्या वेळाने तो एकटाच दिमाखात बाहेर पडून चालू लागायचा. पक्षी समजायचा, माणूस गेला. आमच्या धंद्याचा पाया त्या वजाबाकीवर.

मधली वर्षं बरी गेली. सांगायचं आहे ते गव्हाणी घुबडाचं.

एका वाहिनीच्या कामासाठी एका जोडीवर पाच महिने घातले. लपण दर दोन-तीन दिवसांनी हातभर पुढे. रात्रीच्या चित्रीकरणासाठी इन्फ्रारेड दिवे ९४० नॅनोमीटरचेच, कारण ८५० चे मिणमिणते लाल दिसतात. मादी पहिल्या अंड्यापासूनच उबवायला बसते, त्यामुळे पिल्लं मागेपुढे बाहेर येतात आणि घरट्यात जिन्याच्या पायऱ्यांसारखी उभी दिसतात. सगळ्यात धाकटं तगतंय का, एवढीच आमची गोष्ट.

फिल्मचं एडिटिंग जवळजवळ पूर्ण होत आलं होतं, तेवढ्यात दुसऱ्या एका संस्थेने तोच विषय तीन आठवड्यांत करून दिला. वाहिनीचा आम्हाला निरोप आला, 'स्लॉट भरला', म्हणजे प्रसारणाची जागा गेली. ती फिल्म आम्ही पुन्हा पुन्हा पाहिली. चारही पिल्लं एका मापाची! मादीच्या शेपटीच्या पिसांची टोकं झिजलेली, जाळीला घासून झिजतात तशी. सरळसरळ पिंजऱ्यातला पक्षी. वाहिनीला तसं लिहून कळवलं, तर उत्तर आलं, 'प्रेक्षकाला काय कळतंय?' खरंच आहे. १९५८ च्या एका गाजलेल्या चित्रपटासाठी लेमिंग नावाचे उंदरासारखे प्राणी विकत आणून कड्यावरून लोटले होते. लेमिंग सामूहिक आत्महत्या करतात असं लोक आजही छातीठोकपणे सांगतात.

डोक्यावर कर्ज होतं. ६०० एमएमची लेन्स विकली. त्या दिवशी रिकामी पेटी दोघांपैकी कुणीच उचलली नाही. भागीदाराने वर्षभर हिस्सा मागितला नाही. कारखान्यांची यंत्रं शूट करून हप्ते फेडले. यंत्रं निदान वेळेवर हजर असतात.

नव्या मुलांना सांगून ठेवतो. लेन्स बंद पेटीत दमट ठेवू नका, काचेवर बुरशीची जाळी धरते. पेटीतलं ओल शोषणारं निळं सिलिका जेल गुलाबी झालं की तापवून पुन्हा वापरा. फुटेजच्या तीन प्रती करा, त्यातली एक दुसऱ्या जागी ठेवा. आणि घरट्यावर ड्रोन नेऊ नका, कितीही मोह झाला तरी.

त्या घुबडाच्या कामाचा वाहिनीकडचा शेवटचा हप्ता अजून यायचाय. धाकटं पिल्लू मात्र उडालं, सगळ्यात शेवटी, उंबऱ्यावर तीन रात्री अडखळून. तो शॉट आजवर आम्ही दोघांनीच पाहिलाय.