तक्त्यातलं शून्य

आठवीच्या घटक चाचणीत प्रश्न होता: १२क्ष³य², १८क्ष²य⁵ आणि ३०क्ष⁴ यांचा मसावि काढा. नमुना उत्तर ६क्ष². एका मुलीने लिहिलं ६क्ष²य⁰. तपासणाऱ्या सरांनी दोनातला एक गुण कापला आणि शेरा मारला, 'तिसऱ्या पदात य नाही.'

ती पेपर घेऊन माझ्याकडे आली. कच्च्या कामात तिने तक्ता आखला होता. वर रकाने २, ३, ५, क्ष, य. खाली एकेका पदाची ओळ आणि चौकटींत फक्त घातांक. पहिली ओळ २, १, ०, ३, २. दुसरी १, २, ०, २, ५. तिसरी १, १, १, ४, ०. प्रत्येक रकान्यातल्या सर्वांत लहान अंकाला गोल: १, १, ०, २, ०.

आम्ही शिकवतो ते असं: आधी सहगुणकांचा मसावि, मग सगळ्या पदांत असलेली अक्षरं, मग त्यांचे लहानात लहान घातांक. पोरं हमखास घसरतात मधल्या पायरीवर. एखाद्या पदात नसलेलं अक्षरही उत्तरात ओढून आणतात. हिच्या तक्त्यात ती पायरीच उरली नव्हती. अक्षर नाही म्हणजे घातांक शून्य, की ते आपोआप गळलं. ५ आणि य एकाच नियमाने बाहेर! हे तिला कुणी शिकवलेलं नाही, क्लासलाही ती जात नाही.

स्टाफरूममध्ये विषय काढला. सर म्हणाले, "बोर्डात असं लिहून आली तर?" अहो, य शून्य नसेल तर य⁰ म्हणजे १. सोपं रूप दिलं नाही म्हणून फार तर अर्धा गुण जावा. पण जे तिला नेमकं कळलं होतं, तेच कळलं नाही असा शेरा? नमुना उत्तराशी अक्षरं जुळवत बसणं याला मी पेपर तपासणं म्हणत नाही. गुण काही वाढला नाही.

तिचं डोकं तोवर पुढे गेलं होतं. "मॅडम, मोठ्या अंकांना गोल केले की लसावि ना?" हो, १८०क्ष⁴य⁵. "मग दोन संख्यांचा गुणाकार मसावि गुणिले लसावि येतो, तसा तिघांचा का येत नाही?" मी क्षच्या रकान्यावर बोट ठेवलं: ३, २, ४. दोनाला गोल, चाराला गोल... "तीन उरला!" ती म्हणाली. रकान्यात दोनच अंक असते तर काहीच उरलं नसतं.

हा तक्ता दुसऱ्या तुकडीला आखून द्यावा, असं फार वाटतंय. पण आयता दिला तर रकाने भरणं हीच त्यांची चौथी पायरी व्हायची, ही धास्तीही आहे. कदाचित नुसती तीन पदं द्यावीत, आणि 'य कुठे गेला?' एवढंच विचारून थांबावं.