उणाराचं वजन

एका दिवाळी अंकासाठी दीर्घकथा लिहायला घेतली होती. नकाशा काढून झाला होता, तीन राज्यं होती, रुसलेली एक राजकन्याही होती. जादू तेवढी ठरायची राहिली होती. मंत्र मला नको होते, त्यांचं आपल्याकडे अजीर्ण झालंय. परीसही नको होता. तो लोखंडाचं सोनं करतो हे सगळे सांगतात, पण मग सोन्याचा भाव कुठे जातो हे कुणी बोलत नाही. शेवटी मी एक धातूच काढला. नाव ठेवलं उणार. दिसायला राखाडी, ज्याला लावाल त्याचं वजन उणं करणारा, मुठीत धरला तर हात वर ओढणारा.

झालं, मग मी सुटलेच. उडते हत्ती, तरंगते बुरूज, पिसासारख्या तलवारी. सातव्या प्रकरणात किल्ल्याला वेढा पडला आणि संपादकांकडून खर्डा परत आला. समासात पेन्सिलीनं एकच ओळ होती: ‘वेढा कशाला? वरून का उतरत नाहीत?’

पंधरा दिवस मी कागदाला हात लावला नाही.

मग एका दुपारी मावशीकडे गेले आणि तिथून काकांच्या दुकानात. इंदूरचा सराफा बाहेरगावच्यांना रात्रीचा माहीत असतो, भुट्ट्याच्या कीसाचा आणि जिलबीचा. काकांचा सराफा दिवसाचा, सोन्याचांदीचा. संध्याकाळी शटर ओढलं की त्यांच्याच ओट्यासमोर कढई चढते, त्यावर ते फारसं बरं बोलत नाहीत. गोष्टीची अडचण सांगितली तेव्हा ते एका पाटलीचा कस बघत होते. कसोटीच्या काळ्या दगडावर रेघ ओढता ओढताच म्हणाले, “ते सगळं ठीक. पण तोलायचं कसं?”

“म्हणजे?”

“अगं, पारड्यात ठेवलास की पारडं वर जाणार. गिऱ्हाइकाला दाखवशील काय?”

हा प्रश्न मला सात प्रकरणांत पडला नव्हता. उत्तर तिथेच, दुकानातल्या जुन्या तराजूवर निघालं. उणाराचा तुकडा पितळेच्या वजनाला बांधायचा आणि वजन कितीनं कमी भरतं ते बघायचं. पाच तोळ्यांचं वजन चार भरलं, तर उणार एक तोळा. तोळा म्हणजे 11.66 ग्रॅम, 12 मासे, 96 गुंजा. एक तोळा उणार एक तोळाच उचलणार, जास्त नाही. हा नियम लिहिला आणि घरी येऊन हत्तीचा हिशेब केला. चार हजार किलोचा हत्ती उचलायचा तर जवळजवळ 3 लाख 43 हजार तोळे उणार लागतं! माझ्या तिन्ही राज्यांत मिळून एवढं नव्हतं. वेढा राहिला, हत्ती गेला. हत्तीचं मला अजून वाईट वाटतं.

पुढच्या खेपेला मी मुद्दाम सकाळी गेले, कारण काका म्हणाले होते, “घट बघून जा.” घट म्हणजे घडवताना झिजून जाणारं सोनं. कारागीर कानस चालवतो तेव्हा सोन्याचा कीस उडतो. तो पाटाच्या फटीत जातो, कपड्यांवर बसतो, नखांत राहतो. म्हणून हात धुतलेलं पाणी फेकत नाहीत, जमिनीवरचा केरही टाकत नाहीत. तो केर विकला जातो. विकत घेणारे झारेकरी, इंदुरात त्यांना न्यारिया म्हणतात. ते माती धुतात, जड कण तळाशी बसू देतात, मग पारा आणि तेजाब वापरून सोनं वेगळं करतात. पारा सोन्याला धरून ठेवतो. तापवला की पारा उडून जातो आणि सोनं मागे राहतं. ती वाफ विषारी असते, आणि ती जाते झारेकऱ्याच्याच छातीत.

मी केरसुणीकडे बघत बसले होते. सोनं जड, पाण्याच्या एकोणीसपट, म्हणून त्याचा केर खाली. मग उणाराचा केर?

वर! आढ्याला, कौलांच्या पोटाशी, कोळिष्टकांत. माझ्या जगात सोनारआळीतले झारेकरी शिडी लावून छत झाडणार. झाडलेला केर झाकणाच्या भांड्यात कोंडणार, नाहीतर निसटून आभाळात जाणार. तिजोऱ्या उलट्या असणार, कप्प्यांची तोंडं खाली. चोर भिंत फोडणार नाही, कौलं काढणार. ज्या आळीत चार पिढ्या उणार घासला गेला तिथली छपरं सैल झालेली असणार आणि वादळी रात्री बाया-माणसं आढ्याला दोर बांधून झोपणार. हे सगळं मी बसमध्ये वहीच्या मागच्या पानांवर लिहिलं. अक्षर मला आता लागत नाही.

लबाडीही आपोआपच आली. मोड, म्हणजे जुने दागिने, विकत घेणारा सराफ गिऱ्हाइकाच्या पारड्याखाली चिमूटभर केर चिकटवतो आणि म्हातारीच्या बांगड्या दोन मासे कमी भरतात. दाणेवाल्यांनी हीच युक्ती केल्यावर लोकांचा तराजूवरचा विश्वासच उडाला. मग गावं मापावर आली: पायली, अधोली, शेर, चिपटं. आपल्याकडे धान्य असंच मापून देत. आजीकडे पितळी शेर होता, त्यावरून मी वर्णन केलं. उणार लावून पायली मोठी होत नाही.

राजकन्या काढून टाकली. तिच्या जागी छत झाडणारी एक मुलगी आली. तिच्या केसांत इतका केर बसलाय की वेणी खाली राहत नाही. पाच महिने लागले. पानं निम्मी झाली, आणि संपादकांनी या वेळी समासात काही लिहिलं नाही.

अंक आला तेव्हा काकांना नेऊन दिला. चष्मा कपाळावर चढवून, अंक नाकाशी धरून त्यांनी तोलण्याचं पान दोनदा वाचलं.

“भाव कुठे लिहिलायस?”

मी भाव लिहिलाच नव्हता.

“रोज बदलतो, एवढं तरी लिहायचं,” म्हणाले, आणि काट्यावर ठेवलेल्या अंगठीकडे वळले.