दार वाचलं

मंगळवार, रात्रीचे साडेबारा

शेवटचा शॉट साडेसातला झाला आणि आठ वाजता मिस्त्रींनी हातोडी घेतली. गोरेगावच्या त्या स्टुडिओच्या फ्लोअरचं भाडं दिवसावर आहे, उद्या सकाळी दुसऱ्यांचं सामान येणार. भयपटाच्या सेटसाठी मी उभं केलेलं, १६ दिवस ज्यात वावरलो ते तळघर दोन तासांत प्लाय, लाकडी पट्ट्या आणि प्लास्टरचा ढीग झालं.

"ताई, हे दारही फोडायचं का?"

मी ओरडलेच.

ते दार सहा वर्षांपूर्वी पुण्यात एक वाडा पाडत होते, तेव्हा भंगारवाल्याकडून घेतलं होतं. सागवानी, वर पितळी फुल्या. आजवर चार भयपटांत लागलं. एकदा हवेलीचं, एकदा कोठडीचं, आणि एकदा तर आडवं टाकून विहिरीवरचं झाकण. दरवेळी रंग बदलला, बिजागऱ्या दुसऱ्या बाजूला घेतल्या, फुल्या काढल्या, परत ठोकल्या.

अशा रात्री मला डॅनियल हॅलर आठवतो. अमेरिकी दिग्दर्शक रॉजर कॉर्मनच्या स्वस्तातल्या भयपटांचा कला दिग्दर्शक. १९६० साली 'हाउस ऑफ अशर'साठी त्यांच्या हातात शूटिंगचे १५ दिवस होते, आणि चित्रपट रंगीत, रुंद पडद्याचा. एवढा मोठा वाडा नव्यानं बांधायला पैसे कुठले? हॅलरनं युनिव्हर्सल स्टुडिओतून तयार खांब, कमानी, खिडक्या विकत आणल्या आणि आपल्या हिशेबानं उभ्या केल्या. पण मला त्याहून मोठी वाटते ती पुढची गोष्ट. काम संपल्यावर त्यानं ते टाकलं नाही, जपून ठेवलं. पुढच्या चित्रपटात त्यात भर घातली, त्याच्या पुढच्यात आणखी. म्हणून त्या चित्रपटांतले वाडे वाढत गेलेले दिसतात.

वाचलेला पैसा गेला कुठे, तेही बघण्यासारखं आहे. १९६१ च्या 'पिट अँड द पेंड्युलम'मधला लंबक १८ फुटी होता, वजन टनाहून जास्त, स्टेजच्या आढ्याला ३५ फुटांवरून टांगलेला. प्रेक्षकाची नजर जिथून हलणार नाही, तिथे हॅलरनं हात आखडला नाही. १९६३ साली 'द रेव्हन'चे सेट अजून उभेच होते, तर पाडायच्या आत त्यांतच 'द टेरर'मधले नट बोरिस कार्लॉफचे प्रसंग उरकले. नंतर हॅलर स्वतः दिग्दर्शक झाला. मला मात्र तो त्या खांब-कमानींमधलाच जवळचा वाटतो.

या वेळी मी पैसा जमिनीत घातला. कॅमेरा सगळा वेळ खाली राहणार होता, बाई फरशीवरून ओढली जाते ना. म्हणून खरी शहाबादी फरशी, जुनी, झिजलेली, एकेक बघून आणलेली. भिंती साध्या प्लायच्या. वर पाणी घालून पातळ केलेला काळा रंग आणि फुंकून मारलेली मुलतानी माती. अंधारात तेवढ्या पुरल्या. डीओपीनं, म्हणजे कॅमेरा आणि प्रकाश सांभाळणाऱ्यानं, पहिल्या दिवशी वाकून फरशीला हात लावला आणि काही न बोलता दिवा खाली घेतला. माझं समाधान तिथेच झालं.

बजेट कमी म्हणून सेट हलका दिसतो, असं निर्माते म्हणतात तेव्हा मला राग येतो. हलका दिसतो तो दरवेळी शून्यापासून बांधल्यामुळे. गोदामाचं भाडं बजेटमध्ये कुणीही धरत नाही. तीन-चार चित्रपटांत तेच पैसे पुन्हा पुन्हा सुताराला जातात. सामान ठेवायला नायगावचा अर्धा गाळा मी माझ्या पैशानं भाड्यानं घेतलाय. आई म्हणते, त्या भाड्यात घराचा हप्ता निघाला असता. खरं आहे तिचं.

दार गोधडीत गुंडाळून टेम्पोत चढवलं. फरशीही मोजून भरली, ४२ निघाल्या, बाकी तुटल्या. फक्त दाराचा कोयंडा सापडला नाही. ढीग उचलायला गाडी सातला येणार, त्याआधी जाऊन बघायला हवं.