ऊन खाली उतरेपर्यंत: लोणारच्या काठावरचा एक दिवस

आमच्या मेहकर तालुक्यात कुणालाही विचारा, उल्केच्या खड्ड्यातलं लोणारचं सरोवर पाहिलं का? नाही म्हणणारा भेटणार नाही. शाळेची सहल तिथेच जाते, नवरात्रात बाया कमळजादेवीच्या दर्शनाला खाली उतरतात, पुण्या-मुंबईचे पाहुणे आले की त्यांच्यासोबत आपलीही आणखी एक चक्कर होते. मीही पंधरा-वीस वेळा गेलो असेन. गावात माझा छोटा स्टुडिओ आहे. लग्न, साखरपुडा, बारसं, तेरवीसाठी जुन्या फोटोवरून मोठा करून दिलेला फोटो, हे माझं काम. या धंद्यात चौदा वर्षं झाली. तरी लोणारचा एकही फोटो माझ्याजवळ असा नव्हता, की तो फ्रेम करून दुकानात लावावा.

डिसेंबरात शेजारच्या गावातलं एक जोडपं आलं. त्यांना लग्नाआधीचे फोटो समुद्राच्या काठावर हवे होते. आम्हाला समुद्र म्हणजे एका रात्रीचा प्रवास. गाडी, मुक्काम, जेवण धरून तो खर्च दोन्ही घरांना झेपणारा नव्हता. मुलगीच म्हणाली, "भाऊ, काठच पाहिजे ना, मग आपलं लोणार आहे की." मी हो म्हटलं. रात्री जुने फोटो काढून बसलो. सगळे दुपारचे. वरून कॅमेरा खाली रोखलेला, मधोमध हिरवट पाणी, भोवती धुरकट झाडी, आणि आकाश पांढरंफटक. यातलं काहीच मी त्या पोरीला दाखवू शकत नव्हतो. म्हणून ठरवलं, आधी एकटं जायचं, आणि या वेळी वाटाड्या घेऊन.

लोणारला स्थानिक गाईड मिळतात. एका ओळखीच्याने ज्यांचा नंबर दिला, त्यांना मी पुढे काकाच म्हणत गेलो. साठीच्या आसपासचे. फोनवर त्यांनी एकच विचारलं, "पाहाले येता का फोटो काढाले? पाहाले येत असान त दुपारी या. फोटो काढाचे असतीन त अंधारात निघा." दिवसाचे बाराशे रुपये ठरले.

पहाटे पाचच्या आत मोटरसायकल काढली. सुलतानपूरपर्यंत रस्त्याच्या दोन्ही अंगांना तूर आणि हरभरा, कुठे तरी स्प्रिंकलरचा आवाज, आणि अशी थंडी की हातमोज्यातही बोटं आखडली. सव्वासहाला लोणारात पोहोचलो तेव्हा काका कानाला मफलर गुंडाळून, हातात काठी घेऊन उभे होते. त्यांनी मला पूर्वेच्या काठावर नेलं.

इथे मला पहिली गोष्ट कळली, आणि ती इतकी साधी आहे की ती आजवर सुचली नाही याची चुटपुट अजून आहे. सूर्य पाठीशी घेऊन पूर्वेच्या काठावर थांबलं, की ऊन आधी समोरच्या भिंतीच्या माथ्यावर पडतं. पावणेसातनंतर थोड्याच वेळात तिथे एक नारिंगी रेघ उमटली. खाली सगळा खड्डा निळ्या सावलीत. मग ती रेघ जाड होत खाली सरकू लागली, एखादी चादर वरून खाली सोडावी तशी. मी दोन फोटो काढून ट्रायपॉड हलवायला लागलो, तर काका म्हणाले, "काहून घाई करता भाऊ? ऊन खाली उतरू द्या. ते पान्याले लागेपर्यंत इथून हालाचं नाही." मी ट्रायपॉड तसाच ठेवला आणि दर पाच मिनिटांनी एक फोटो घेत गेलो. त्या सगळ्या फोटोंत जागा तीच आहे, फक्त ऊन उतरतंय.

दुसरी अडचण वर्तुळाची. काठ ते काठ सुमारे 1.8 किलोमीटर, काठापासून खालच्या पाण्यापर्यंत 130 मीटरच्या वर उतार. पण अडचण आकाराची नाही, आपल्या उभं राहण्याची आहे. आपण त्या वर्तुळाच्या कडेवरच उभे असतो, त्यामुळे ते डावी-उजवीकडे थेट आपल्या खांद्यांपर्यंत येतं. कितीही रुंद लेन्स लावा, पूर्ण गोल एका फोटोत मावत नाही. मी कॅमेरा उभा धरला, एक्सपोजर आणि फोकस हाताने पक्के केले, आणि डावीकडून उजवीकडे अकरा फोटो घेतले. प्रत्येकात आधीच्या फोटोचा तिसरा हिस्सा येईल असे. लग्नात स्टेजवर सगळा गोतावळा घेताना मी हे करतो. इथे करावं हे कधी मनात आलं नव्हतं.

मग धारेच्या बाजूने उतरलो. गोमुखातून बारमाही पडणाऱ्या पाण्याखाली तेव्हाच दोन-तीन म्हातारी माणसं आंघोळ करत होती. त्यांचे फोटो मी घेतले नाहीत. वाटेत काकांनी काठी टेकवून खडक दाखवला. आपल्याकडचा काळा पत्थर शेतातल्या विहिरीत पाहा, थर आडवे असतात. इथे काठाजवळचे थर बाहेरच्या अंगाला कललेले आहेत, जसं खालून कुणी उचलून उलथवलं. उल्का आदळली तेव्हा जमिनीची कड अशी वर आली. पाठ्यपुस्तकात उल्केची गोष्ट मी कितीदा वाचली असेल, पण पुरावा असा हाताला लागेल अशा उंचीवर आहे हे कुणी दाखवलं नव्हतं. सकाळचं तिरपं ऊन त्या थरांवर होतं, प्रत्येक भेगेला सावली होती. दुपारी हाच खडक सपाट दिसला असता.

काका सांगत होते, 1823 साली अलेक्झांडर नावाच्या इंग्रज अधिकाऱ्याने याची नोंद केली, आणि पुढे किती तरी वर्षं लोक याला ज्वालामुखीचं तोंड समजत होते. तसं समजणं साहजिक होतं, कारण आजूबाजूचा सगळा पत्थर ज्वालामुखीचाच. 1973 मध्ये शास्त्रज्ञांनी इथल्या दगडांत प्रचंड धक्क्यानेच तयार होणारी काच दाखवली, तेव्हा वाद संपला. वयाचा वाद मात्र राहिला. एका पद्धतीने ते सुमारे 52,000 वर्षं येतं, नंतरच्या दुसऱ्या पद्धतीने 5,70,000. काकांना दोन्ही आकडे पाठ होते. पर्यटकाला एकच सांगून मोकळं व्हावं असं त्यांना वाटत नाही, याचा मला फार आदर वाटला.

उतरताना झाडी पट्ट्यापट्ट्यांनी बदलत जाते, आणि हे फोटोसाठी फार कामाचं आहे. वर सागाचा पाचोळा, पायाखाली इतका वाजणारा की वानरं आधीच सावध होतात. मग चिंचा. मग बाभळी. मग एकदम उघडा, राखाडी चिखल, त्यावर पांढऱ्या खाराची पापडी, आणि त्यापुढे पाणी. झाडीत जुनी हेमाडपंती देवळं आहेत, काही पडकी, काहींच्या गाभाऱ्यात आता फक्त वटवाघळं. तिथे उजेड इतका कमी की ट्रायपॉडशिवाय काही होत नाही. एका दारावरच्या कोरीव पट्टीवर पानांतून उन्हाचा कवडसा पडला होता. तो सरकेपर्यंत तीन फोटो मिळाले, त्यातला एक चांगला आहे.

काठाशी पोहोचल्यावर आधी वास येतो, सडक्या अंड्याचा. काकांनी मला पाण्यात दोन बोटं बुडवून चोळायला सांगितली. साबण लागल्यासारखी बोटं सुळसुळली. या पाण्याचा पीएच, म्हणजे आम्ल-अल्क मोजायचा आकडा, दहाच्या आसपास असतो, इतकं ते अल्कधर्मी आहे, आणि खारटही. इथला खार पूर्वी काढून विकलाही जात असे. ट्रायपॉडचा एक पाय मी नकळत चिखलात रोवला आणि तो गुडघाभर आत गेला. ओढून काढेपर्यंत सांध्यात चिखल भरला, आणि वाळल्यावर त्याची पांढरी खपली झाली. वर येऊन तीन बाटल्या गोड्या पाण्याने धुतला तेव्हा पाय आत-बाहेर सरकू लागले. तिथे जाणाऱ्याने ट्रायपॉडखाली टाकायला फरशीचे तुकडे किंवा लाकडाच्या चकत्या न्याव्यात, आणि लेन्स काठावर बदलू नये.

पाण्याचा हिरवा रंग त्यातल्या सूक्ष्म शेवाळाचा. पोलरायझर फिल्टर फिरवला की वरची चकाकी जाते आणि हिरवा गडद होतो, पण पूर्ण फिरवला तर समोरच्या भिंतीचं प्रतिबिंबही जातं. अर्ध्यावर थांबलो. मग काकांनी त्यांच्या मोबाईलमधला 2020 च्या जूनचा फोटो दाखवला. तेच पाणी, गुलाबी. त्या उन्हाळ्यात पाणी आटलं, खार वाढला, आणि खारातच वाढणाऱ्या सूक्ष्मजीवांनी रंग बदलला, असं पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेने तपासून सांगितलं. गावात तेव्हा नाना शंका होत्या. "पह्यल्या दिवशी पाह्यलं त छातीत धस्स झालं," काका म्हणाले. "लहानपनापासून हिरवं पाह्यलेलं पानी हे." त्याच वर्षी नोव्हेंबरात लोणार रामसरच्या, म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाच्या पाणथळ जागांच्या, यादीत गेलं. मोबाईलवरचा तो फोटो थोडा हललेला आहे, कडेला बोट आलंय. माझ्या सगळ्या कॅमेऱ्यांनी मिळून त्याच्या तोडीचा एक फोटो काढलेला नाही, कारण त्या दिवशी मी तिथे नव्हतो.

नऊपर्यंत कमळजादेवीच्या बाजूला ऊन आलं नव्हतं. हिवाळ्यात सूर्य आग्नेयेकडून चढतो आणि त्या बाजूचा कडा त्याला बराच वेळ अडवतो. थांबण्याचा कंटाळा आला नाही, कारण उथळ पाण्यात शेकाट्या चरत होत्या, लांब गुलाबी पायांचे पक्षी. सतरंजी टाकून पालथा झालो, लेन्स जमिनीपासून वीतभर उंचीवर. उभ्याने काढलेल्या फोटोत त्यांच्यामागे चिखल येतो. आडवं झालं की मागे फक्त पाणी येतं आणि त्यात उलटे पाय. तासाभरात दोनशे फोटो झाले. ठेवले सहा.

मग देवळावर ऊन आलं. काळा दगड, मागे झाडी अजून सावलीत. मी तिथेच ठरवलं, त्या जोडप्याला इथेच उभं करायचं, सकाळी नऊ ते साडेनऊ. काकांनी नियम समजावले: हे वन्यजीव अभयारण्य आहे, असलं काम करायचं तर वनखात्याची परवानगी आधी काढायची, ड्रोन मनात आणायचा नाही, रंगीत धुराच्या कांड्या आणि फुगे तर मुळीच नाही. मला हे मनापासून पटलं. धारेजवळच्या झुडपांत वेफर्सची पाकिटं अडकलेली होती. काका चालता चालता उचलून पिशवीत टाकत होते, न बोलता. परत चढताना मीही टाकली.

दुपारी वर येऊन भाकरी, बेसन, ठेचा खाल्ला. नंतर गावातलं दैत्यसूदनाचं देऊळ. विष्णूने लवणासुराला मारलं ती कथा इथली. बाहेरच्या कोरीव कामाला दुपारचं ऊन चालतं, वरून पडलेल्या उजेडात मूर्तींचे दागिने उठून दिसतात. तास गेला.

चारलाच खाली संध्याकाळ होते, पश्चिमेचा काठ सावलीत बुडतो. म्हणून शेवटचा टप्पा पुन्हा वर, धारेच्या म्हणजे ईशान्येच्या बाजूला. हिवाळ्यात सूर्य नैऋत्येला, बरोबर समोरच्या काठामागे जातो. पावणेसहाला गेला. आजूबाजूची माणसं मोबाईल खिशात टाकून निघाली. मीही पिशवीची चेन लावली. काका जागचे हलले नाहीत. वीस मिनिटांनी आकाशात जांभळा चढला आणि तोच खाली पाण्यात उतरला, भोवती काळीशार कडी. आठ सेकंदांचा फोटो घेतला. आज दुकानात काउंटरच्या मागे लावलेला फोटो हाच.

जानेवारीत जोडप्याचं काम परवानगी काढून झालं. मुलीच्या आईने देवळाजवळचा फोटो निवडला. त्याच फेरीत अकरा फोटोंचा तो लांब पट्टा प्रिंट करून काकांना नेऊन दिला. त्यांनी तो ओट्यावर अंथरला, चष्मा लावला, आणि बराच वेळ बोट फिरवत राहिले. इथे धार, इथे आम्ही शेळ्या उतरवायचो, इथे बिबट्या दिसला होता. मग देवळापुढच्या पाण्यावर बोट ठेवून थांबले. "इथं सासू-सुनेची विहीर हाय. एका अंगाले गोड पानी, एका अंगाले खारं. आता पान्याखाली हाय. उन्हाळ्यात पानी उतरलं त मी फोन करतो. तुमी सकाळी सहाले पोचा."

मोबाईलची रिंग मी रात्रीही चालू ठेवतो.