जगलेलं रोपच मोजायचं

25 सप्टेंबर

केनियात झाडं लावण्याची चळवळ उभी करणाऱ्या वांगारी माथाई 2011 साली आजच्याच तारखेला नैरोबीत गेल्या. वय 71, अंडाशयाचा कर्करोग.

त्यांचं आडनाव आपल्याकडे कुणी मथाई छापतं, कुणी माथाई. फरक एका कान्याचा, पण तो कानाही त्यांनी भांडून मिळवलेला आहे. नवरा म्वांगी मथाई 1974 पासून केनियाच्या संसदेत खासदार होता. 1979 साली घटस्फोट झाला, तोही भर कोर्टात, वर्तमानपत्रांतून धिंडवडे निघत. न्यायाधीश एक तर अकार्यक्षम असेल नाहीतर भ्रष्ट, असं त्या एका मुलाखतीत बोलल्या आणि न्यायालयाच्या अवमानासाठी सहा महिन्यांची शिक्षा झाली. तीन दिवस तुरुंगात काढून सुटल्या. मग नवऱ्याकडून निरोप आला, माझं आडनाव लावायचं नाही. बाईंनी रोमन स्पेलिंगमध्ये आणखी एक ‘ए’ घातला आणि आडनाव स्वतःचं करून टाकलं. म्हणून ते कान्यासकटच लिहावं.

जन्म 1 एप्रिल 1940, न्येरी भागातलं इहिथे गाव. घराजवळ एक मुगुमो होता, म्हणजे वड-उंबराच्या कुळातला वृक्ष. आईने बजावलं होतं, याच्या काटक्या सरपणाला आणायच्या नाहीत, हे देवाचं झाड आहे. पलीकडेच झरा. त्यातल्या बेडकांच्या अंड्यांच्या माळा मण्यांच्या समजून ही पोर गळ्यात घालायला बघायची आणि त्या बोटांतून निसटायच्या. अमेरिकेत शिकून परत आल्या तेव्हा झाड तोडून तिथे चहा लावला होता. झरा आटला होता. उंबराजवळ पाणी सापडतं असं आपल्याकडची जुनी माणसं सांगतात, तेच शास्त्र. या झाडांची मुळं कातळ फोडून खोल जातात, खालचं पाणी त्या वाटेने वर येतं, आणि उतारावरची माती धरून ठेवली जाते. किकुयू लोकांनी, म्हणजे माथाईंच्या जमातीने, त्याला देवाचा धाक घातला होता. धाक गेला आणि मागोमाग पाणी गेलं.

26 सप्टेंबर

शांततेचं नोबेल मिळवणारी पहिली आफ्रिकी महिला, कोट्यवधी झाडं, हे सगळीकडे वाचायला मिळतं. मला त्यांची खरी करामत दिसते ती हिशोबाच्या पद्धतीत.

पण आधी अपयशं. पहिल्या प्रयत्नातली रोपं घरच्या आवारात ठेवून त्या 1976 च्या जूनमध्ये व्हॅन्कूव्हरला संयुक्त राष्ट्रांच्या परिषदेला गेल्या. परत येईपर्यंत रोपं मेली होती. 5 जून 1977 ला नैरोबीच्या कामुकुंजी बागेत सात झाडं लावली. मोठा समारंभ झाला, पण सातांतली दोनच तगली. मग वनखात्याकडे गेल्या. देशाची लोकसंख्या दीड कोटी, म्हणून दीड कोटी झाडं लावू म्हणाल्या. अधिकारी हसला आणि हवी तेवढी रोपं फुकट न्या म्हणाला. वर्षाच्या आत त्याला शब्द मागे घ्यावा लागला, एवढी मागणी आली. त्यातही सरकारी रोपवाटिका गावांपासून लांब, वाटेतच रोपं सुकायची. शिवाय भरणा परदेशी जातींचा.

तेव्हा ठरलं, बायकांनी रोपं आपल्याच गावात करायची. वनखात्याचे लोक शिकवायला आले आणि उतार, वाफ्याची खोली, मातीचं प्रमाण असलं पुस्तकी सुरू केलं. बायकांना काही कळेना. माथाईंनी सांगितलं, तुम्ही मका-घेवडा पेरता ना, तसंच करा. मग फुटक्या मडक्यांत, तळाला भोकं पाडलेल्या पत्र्याच्या डब्यांत बी पडलं. शेळ्या-कोंबड्यांपासून वाचवायला ती उंचावर ठेवली. कोणत्या झाडाखाली कधी बी पडतं ते बायका हेरू लागल्या. पदवीशिवायचे वनाधिकारी, असं त्यांना कौतुकाने म्हटलं जायचं.

आता पद्धत. आधी गट करायचा आणि अर्ज द्यायचा. रोपवाटिकेला जागा पाण्याजवळची. किती रोपं उगवली याचा अहवाल नेमाने पाठवायचा. गावकऱ्यांनी आपापल्या जमिनीत खड्डे आधी खणायचे. गटाने जाऊन खड्डे बघायचे, आणि खड्डा असेल तरच रोप द्यायचं. पुढे ठरलेल्या मुदतीने दोनदा जाऊन मोजणी, जगली किती, मेली किती. पैसे अगदी शेवटी, आणि फक्त जगलेल्या रोपाचे. सुरुवातीला एका रोपामागे अमेरिकी चलनात चार सेंट.

रक्कम चिमूटभर, पण तिने काय साधलं ते बघा. रोप पिशवीत फार दिवस राहिलं की मूळ गुंडाळत जातं. ते पिशवीबाहेर पडून जमिनीत शिरलं की उचलताना तुटतं. लावणीआधी हळूहळू पाणी आणि सावली कमी करून रोप काटक केलं नाही, तर माळरानावर आठवड्यात मान टाकतं. लावलेल्या रोपाचे पैसे मिळाले असते तर यातलं काहीच कुणी सांभाळलं नसतं. जगलेल्याचे मिळणार म्हटल्यावर हे बारकावे घरोघर पाठ झाले. खड्डे दाखवून फोटो काढायचे आणि पावसाळा संपल्यावर तिकडे फिरकायचं नाही, अशा वृक्षारोपणाला या पद्धतीत जागाच उरत नाही.

हजार-हजार रोपांच्या रांगा लावत गेले, त्यांचे पट्टे दिसू लागले. त्यावरून चळवळीला ग्रीन बेल्ट मूव्हमेंट हे नाव पडलं. 2004 पर्यंत तीन कोटींवर झाडं झाली.

27 सप्टेंबर

झाडं लावणारी बाई सरकारला का खुपावी? गटांच्या बैठकांत लाकूडफाटा, पाणी, माती यांच्या अडचणी लिहून काढल्या जायच्या आणि शेवटी प्रश्न यायचा की जंगलाची जमीन गेली कुणाला. उत्तर सगळ्यांना ठाऊक असायचं, सत्तेच्या जवळच्यांना.

1982 साली पोटनिवडणुकीला उभं राहायला त्यांनी विद्यापीठातला राजीनामा दिला. पूर्व आणि मध्य आफ्रिकेत डॉक्टरेट मिळवणारी ही पहिली महिला, पशुवैद्यकीय शरीररचनेची विभागप्रमुख राहिलेली. मतदार नोंदणीच्या तांत्रिक मुद्द्यावर अर्ज बाद ठरला. नोकरी परत मिळाली नाही, विद्यापीठाचं घरही सोडावं लागलं. मग सगळा वेळ चळवळीला.

1989 साली नैरोबीच्या उहुरू पार्कमध्ये साठ मजली इमारत आणि राष्ट्राध्यक्ष मोई यांचा पुतळा उभारायचा बेत निघाला. बाईंनी हत्यार उपसलं ते पत्राचं. राष्ट्राध्यक्षांचं कार्यालय, महापालिका, युनेस्को, सगळीकडे पत्रं. ब्रिटिश उच्चायुक्तांना विचारलं, लंडनच्या हाईड पार्कमध्ये हे चालेल का? संसदेत खासदारांनी ‘घटस्फोटितांचं टोळकं’ म्हणून हेटाळणी केली, चळवळीला सरकारी जागेतून हुसकलं, कचेरी त्यांच्या घरात आली. परदेशी पैसा मात्र मागे हटला. फेब्रुवारी 1992 मध्ये बांधकामासाठी पार्कात घातलेलं कुंपण काढलं गेलं.

त्याच महिन्याच्या अखेरीस त्याच पार्कात राजकीय कैद्यांच्या आया उपोषणाला बसल्या. 3 मार्चला पोलिसांनी हल्ला केला, माथाई बेशुद्ध पडल्या. म्हाताऱ्या आयांनी पोलिसांसमोर अंगावरची वस्त्रं फेडली. आईच्या वयाच्या बाईचं उघडं अंग बघणं हा तिथे शाप मानतात. नंतर या बायका ऑल सेंट्स कॅथीड्रलमध्ये जवळपास वर्षभर बसून राहिल्या. 1993 च्या सुरुवातीला एक वगळता सगळे कैदी सुटले. जानेवारी 1999 मध्ये बिल्डरांना वाटल्या जाणाऱ्या नैरोबीच्या करुरा जंगलात रोपटं लावायला गेल्या तेव्हा गुंडांनी डोकं फोडलं. पोलीस तक्रारीवर त्यांनी स्वतःच्या रक्ताने सही केली.

2002 ला टेटू मतदारसंघातून 98 टक्के मतांनी निवडून आल्या, पुढे पर्यावरण खात्याच्या उपमंत्री झाल्या. या काळाबद्दल मला फारसं लिहावंसं वाटत नाही. कुंपणाबाहेर राहून जेवढं झालं, तेवढं खुर्चीवरून झालं नाही. 2007 मध्ये पक्षाने तिकीटही दिलं नाही.

8 ऑक्टोबर 2004 ला नोबेलची बातमी आली ती न्येरीच्या वाटेवर. तिथल्या हॉटेलच्या आवारात, माउंट केनियाकडे तोंड करून, त्यांनी नांदी फ्लेमचं रोप लावलं. आपल्याकडे मुंबई-पुण्याच्या रस्त्यांवर असतो तो पिचकारीचा वृक्ष, ज्याच्या कळ्या पिळून पोरं पाणी उडवतात, तो हाच. इथे पाहुणा, तिथे घरचा.

जाताना सांगून गेल्या होत्या, माझ्यासाठी झाड तोडायचं नाही. म्हणून शवपेटी लव्हाळी, बांबू आणि जलपर्णीची विणली. व्हिक्टोरिया सरोवर गुदमरवून टाकणारी तीच जलपर्णी.