कट ऑफ नावाच्या गावात

न्यू ऑर्लिन्सहून निघालो तेव्हा लख्ख ऊन होतं. रेसलँडला मोठा रस्ता सोडून बायू लाफूर्शच्या काठाला लागलो आणि पावसाने गाठलंच. बायू म्हणजे संथ, गढूळ पाण्याचा फाटा. दोन्ही काठांनी एकेक रस्ता, रस्त्याला चिकटून घरं, मागे थोडी शेती, की लगेच दलदल. इथल्या गावांना रुंदी नाहीच, नुसती लांबी. लॉकपोर्ट, लरोज आणि मग कट ऑफ.

हे ग्लेन पित्र या दिग्दर्शकाचं गाव. कोळंबी धरणाऱ्यांच्या वस्तीतला हा मुलगा हार्वर्डला शिकला, परत आला आणि इथल्याच माणसांना घेऊन केजन फ्रेंचमध्ये सिनेमे काढू लागला. या भाषेचे हाल आधीच झाले होते. १७५५ पासून इंग्रजांनी नोव्हा स्कॉशियातून हाकललेली फ्रेंच माणसं पुढे अमेरिकेतल्या लुइझियानात आली, तेच हे केजन. लुइझियाना राज्याच्या १९२१च्या घटनेने शाळेत इंग्रजी सक्तीचं केलं आणि फ्रेंच बोलणाऱ्या पोरांना शिक्षा होऊ लागल्या.

‘बेलिझेअर द केजन’ (१९८६) मी पुण्यात मित्राच्या लॅपटॉपवर पाहिला होता. तो इंग्रजीत आहे, कान महोत्सवातही गेला होता. काळ १८५९चा, नायक ‘त्रेतर’, म्हणजे प्रार्थना आणि झाडपाल्याने आजार उतरवणारा. मला आवडलं ते हे, की त्याच्याभोवती गूढ धूर सोडलेला नाही. शेजारचा न्हावी असावा तसा तो वावरतो.

असं का, ते जेवताना कळलं. एका टपरीवजा खाणावळीत भात आणि कोळंबीचा रस्सा घेऊन बसलो होतो. समोर सत्तरी ओलांडलेले एक आजोबा. त्रेतरचं विचारलं तर म्हणाले, “माझी मावशीच होती की!” ती चामखीळ घालवायची. दोऱ्याला गाठी मारून मनगटाला बांधायची. तो आपोआप गळेपर्यंत काढायचा नाही. पैसे द्यायचे नाहीत आणि ‘थँक यू’ तर अजिबात म्हणायचं नाही, नाहीतर गुण येत नाही. शिवाय त्रेतरने वाहतं पाणी ओलांडून रोग्याकडे जायचं नाही. रोग्यानेच यायचं.

आमच्या राजापूरकडे विंचू उतरवणारे असेच पैशाला हात लावत नसत. ते सांगितलं तर आजोबांना काहीच नवल वाटलं नाही. “मग?” एवढंच म्हणाले आणि रश्श्यात भात कालवायला लागले.

रुगारूचा विषय मात्र त्यांनीच काढला. माणसाचा लांडगा झालेलं हे भूत. पोरं झोपेनात की आया त्याचंच नाव घेतात. त्याला १२ च्या पुढे मोजता येत नाही. म्हणून दारात १३ दाणे ठेवायचे. तो मोजत बसतो, चुकतो, पुन्हा पहिल्यापासून सुरू करतो, तोवर उजाडतं. आजोबांनी हे सांगितलं ते गॅसचा नॉब रात्री बंद करावा, इतक्या सरळ सुरात.

उठताना तोंडातून ‘थँक यू’ निघालंच. “रश्श्याला चालतं,” ते म्हणाले.

वाटेत दुकानातून राजम्याची पिशवी घेतली. मोटेलच्या उंबऱ्यावर १३ दाणे मोजून ठेवले, गंमत म्हणून. रात्रभर पाऊस पडत होता. सकाळी दार उघडलं तर ११.