दलदलीत झोपायचं कधी?

चार वर्षं मी एक गोष्ट लिहितेय. तिच्यात घुमणी नावाची दलदल आहे. नकाशात शोधू नका, ती माझ्या डोक्यातली. तिथे पाय टेकायला जमीन नसते, आवाज केला की ती तयार होते. शंख फुंकला तर लांबट वरंबे, ढोल वाजवला तर गोल बेटं, आणि कोणी बेताल कोकललं की सगळं पुन्हा पातळ. हे सगळं मी मोठ्या हौसेने अकरा वर्षांच्या भाच्याला ऐकवलं. त्याने विचारलं, "मग ती माणसं झोपतात कधी?"

गोष्ट तिथेच रुतली.

तेवढ्यात आत्याचा फोन आला. "यंदा चल माझ्यासंगं. गुडघा कुरकुरतोय, सोबतीला कुणीतरी पायजे." भक्तीच्या ओढीने वारीला गेले असं लिहिलं तर आत्याच हसेल. मी तिची पिशवी धरायला गेले.

ज्येष्ठ वद्य अष्टमीला आळंदीहून माउलींची पालखी निघाली. आमची दिंडी रथामागची. पुढे पताका, मग टाळकरी, त्यांच्यात मृदंग, वीणेकरी आणि मागे तुळशी घेतलेल्या बायका. आत्याने माझ्या हातात टाळ दिले आणि मी ते भांडी घासावीत तसे वाजवले. दोन दिवस कोणी काही बोललं नाही. नुसते माझ्या शेजारचे लोक हळूच बदलत गेले.

दिवे घाटात फजिती झाली. त्या दिवसाची चाल आधीच लांब, त्यात चढण. वळणावळणावर वरच्या दिंड्यांचा गजर खाली येत होता, खालच्यांचा वर, आणि कातळावर आपटून दोन्ही पुन्हा उशिराने परतत होते. तीन लयी एकदम कानात! माझे टाळ सुटले, पाठोपाठ पाय सुटले, पावलीत मी पुढच्या बाईच्या टाचेवर चढले. आत्या मागून म्हणाली, "डोंगर नको आयकू गं. आपला मृदंग आयक." सासवडला तंबूत तळपायांना तेल चोळताना मी वहीत पहिली दुरुस्ती केली: घुमणीत सगळ्यात धोक्याचा आवाज प्रतिध्वनीचा.

जेजुरी, नीरेचं स्नान, लोणंद, फलटण. या टप्प्यातलं मला मुख्यतः रांगांचं आठवतंय. पाण्याची रांग, चहाची रांग आणि बाकीच्या ज्या सांगत नाहीत त्या.

पुढे नातेपुत्याला पाऊस लागला. तंबू शेतात, माती काळी. ती चपलेला चिकटते, चप्पल ठेवून घेते आणि पाय तेवढा परत देते. सामानाचा ट्रक चाकाच्या निम्म्यापर्यंत गेला. ढकलणारे जितकं हलवत होते तितका तो खाली जात होता. मला उगाच अपराधी वाटलं. खऱ्या जगात हादऱ्याने ओली जमीन घट्ट होत नाही, पातळच होते. भूकंपात पाण्याने भरलेल्या वाळूवरची घरं कलतात ती त्यामुळेच. मी बरोबर उलटा नियम लिहून बसले होते.

ट्रक निघेपर्यंत आम्ही वीणेकरीबाबांशेजारी ताडपत्रीखाली थांबलो. वीणा त्यांच्या गळ्यातच. मी म्हटलं, "बाबा, खाली ठेवा की घटकाभर." ते म्हणाले, "वीणा भुईला टेकवत न्हाईत, माउली. आमच्या गावात सप्ता असतो तवा सात दिवस, सात रात्री ती कुणा ना कुणाच्या गळ्यात असती. पहारे लावतो. दोन तास झालं की दुसरा येतो, मग पहिल्यानं झोपायचं."

मी भाच्यासाठी ते तिथल्या तिथे लिहून घेतलं. शाई पावसाने पसरली.

संध्याकाळी समाजआरती. पालखी तळावर आली, दिंड्यांनी तिच्याभोवती कडं केलं. हजारो टाळ एकदम वाजत होते, माझ्या बरगड्यांपर्यंत येत होते. मग चोपदारांनी दंड वर केला. "होऽऽ!" आणि सगळं थांबलं. एवढी माणसं, आणि पताकांची फडफड ऐकू यावी इतकी शांतता.

मला एकदम क्लाडनीची वाळू आठवली. १७८७ साली या जर्मन शास्त्रज्ञाने धातूच्या पत्र्यावर वाळू पसरून त्याच्या कडेवर व्हायोलिनचा गज ओढल्याचे प्रयोग प्रसिद्ध केले. वाळूची नक्षी उमटते, तिच्यावरूनच मी घुमणी रचली होती. पण वाळू पत्रा थरथरतो तिथे थांबत नाही. तिथून ती उडते आणि जिथे पत्रा हलत नाही त्या रेषांवर गोळा होते. म्हणजे माझी बेटं आवाजाच्या आतल्या निवांत जागी उगवायला हवीत, पण पत्रा वाजत राहिला तरच! चिखलात उभी राहून मी मनात अर्धी दलदल पाडून पुन्हा बांधली.

तेवढ्यात शांततेत एका कोपऱ्यातून टाळ ऐकू आले. एकच दिंडी वाजवत होती.

"चुकले वाटतं," मी कुजबुजले.

"चुकतील कशाला? तक्रार हाय त्यांची," आत्या म्हणाली. "ज्याचं काही गाऱ्हाणं असतं तो टाळ थांबवत न्हाई."

चोपदार त्यांच्याकडे गेले. काय गाऱ्हाणं होतं ते आमच्यापर्यंत आलं नाही, पाण्याचं असावं. पण तोवर अख्खा तळ उभा होता, माउलींची आरतीही थांबलेली. त्यांचं ऐकून घेतलं, टाळ बंद झाले, मग हरवलेल्या वस्तूंची आणि उद्याच्या चालीची माहिती सांगितली गेली आणि आरती झाली. हैबतबाबा आरफळकर शिंद्यांच्या पदरी होते, सोहळ्याची शिस्त त्यांनी लावली असं सांगतात. लष्करी शिस्तीत ही तक्रारीची जागा कोणाला सुचली असेल, याचं मला अजून नवल वाटतं.

रात्री भाच्याला फोन लावला. पहाऱ्याचं सांगितलं, ते त्याने लगेच मान्य केलं. मग टाळांचं सांगितलं.

"आणि तुझ्या दलदलीत कोणी ऐकायलाच गेलं नाही तर?" तो म्हणाला. "तो वाजवतच राहिला तर? तिथे काय उगवेल?"

पंढरपूर अजून चार मुक्काम लांब होतं. पलीकडून आत्याने कूस बदलली. "ठेव तो फोन. पहाटे तीनला उठायचंय."